मुलासाठी सायकल: हायब्रिड की माउंटन?

जळगाव-धुळ्यात डांबरी रस्त्यानंच शाळा-क्लासला जायचं असेल तर हायब्रिड घ्या. टायर अरुंद, पेडल हलकं. वाटेत खडी किंवा शेतरस्ता असेल तर १.९५ ते २.१ इंची टायरची माउंटन. रोजचा रस्ता बघा, मुलाला आवडलेला रंग नंतर.

पुढच्या शॉकअपला भुलू नका. स्वस्त सायकलीत तो वजन वाढवतो आणि हलक्या मुलाच्या भारानं नीट दबतही नाही. शॉकअप नसलेला साधा फोर्क (पुढचं चाक धरणारा दुहेरी दांडा) बरा.

काळ्या मातीत खरी परीक्षा पावसाळ्यात. चिखल टायर आणि मडगार्डमध्ये दाबून बसतो, चाक जाम होतं. मधे दोन बोटं तरी जागा हवी. बाभळीचा काटा दोन्ही प्रकारच्या टायरांत घुसतो, म्हणून ट्यूबमध्ये सीलंट (बारीक भोक आतून बुजवणारं द्रव) भरून घ्या.

वाढत्या अंगाची सायकल नको. साधारण ६ ते ९ वर्षांना २० इंची चाक, पुढे १२ पर्यंत २४ इंची. दांडी पायांमध्ये घेऊन, दोन्ही पाय जमिनीवर टेकवून मुलाला उभं केल्यावर दांडी आणि जांघेमध्ये हायब्रिडला ३ सेंमी, माउंटनला ५ सेंमी मोकळी जागा राहावी. ब्रेकचा लिव्हर मुलाला स्वतः दाबायला लावा. बोटं पुरत नसतील तर लिव्हरचा छोटा स्क्रू आत फिरवून तो जवळ आणता येतो.