मागचे ब्रेक पॅड घरी बदलताय? आधी हॅन्डब्रेक कुठल्या टाइपचा आहे ते बघा

पुढचे पॅड एकदा घरी बदलले की माणसाला वाटतं मागचे पण तसेच असणार, चाक काढा, कॅलिपर (पॅड डिस्कवर दाबणारा भाग) उघडा, त्यातला पिस्टन दाबा, नवे पॅड टाका, झालं. आणि इथेच कॅलिपरची वाट लागते. पुढचा पिस्टन सी क्लॅम्पने सरळ दाबला की गपचूप आत जातो, पण मागच्या पिस्टनच्या आत बऱ्याच गाड्यांमधे हॅन्डब्रेकचा स्क्रू बसवलेला असतो, त्यामुळे तो दाबून जात नाही, फिरवत फिरवत आत न्यावा लागतो. जात नाही म्हणून अजून जोर लावला की आतली यंत्रणा मोडते आणि पॅडच्या कामाचं कॅलिपरचं काम होऊन बसतं.

म्हणून पाना हातात घ्यायच्या आधी आपल्या गाडीला मागे काय आहे ते नीट बघा. बऱ्याच छोट्या गाड्यांना मागे डिस्क नसतेच, ड्रम असतो, त्यात पॅड नाही तर शू असतात आणि ते काम पूर्ण वेगळं, त्यांना हे सगळं वाचून काही उपयोग नाही. डिस्क असेल तर तीन शक्यता. कॅलिपरच्या मागे एक छोटी लिव्हर, तिला स्प्रिंग आणि हॅन्डब्रेकची केबल जोडलेली दिसली तर पिस्टन फिरवायचा प्रकार. कॅलिपरला काळा प्लॅस्टिकचा डबा चिकटलाय आणि त्यात वायरचा प्लग गेलाय, तर ती इलेक्ट्रिक पार्किंग ब्रेकची मोटर. आणि कॅलिपरला ब्रेक होज (ब्रेक ऑइलची रबरी नळी) सोडून काहीच नाही, केबल डिस्कच्या मागे कुठेतरी आत गायब होते, तर डिस्कच्या पोटात छोटा ड्रम आहे, हॅन्डब्रेकचे शू तिथे असतात, आणि अशा गाडीत मागचा पिस्टन पुढच्यासारखाच सरळ दाबला जातो.

इलेक्ट्रिकवाल्यांसाठी इथेच सांगतो. मोटरने पिस्टन पकडून ठेवलेला असतो, तो मोटरनेच मागे घ्यायला लावायचा, त्यासाठी गाडी सर्व्हिस मोडमधे टाकावी लागते. काही गाड्यांत हे पेडल आणि बटणाच्या ठरलेल्या क्रमाने होतं, काहींना स्कॅनर लागतो, तुमच्या गाडीचं मॅन्युअल बघा. एकदा मोटर मागे गेली की पिस्टन सरळ दाबायचा, आणि काम चालू असताना पार्किंग ब्रेकच्या बटणाला कोणी हात लावणार नाही एवढं बघायचं. सर्व्हिस मोड जमत नसेल तर हे काम घरी करू नका, बाकी कितीही हात साफ असला तरी.

आता पॅड खरंच बदलायला झालेत का. नवीन पॅडचं मटेरियल साधारण १० मिमीच्या आसपास असतं, मागचे कधी कधी नवेच त्याहून पातळ येतात. ३ मिमी राहिलं की बदलायचं, मागची लोखंडी प्लेट यात मोजायची नाही. बऱ्याच पॅडना एक छोटी पत्र्याची जीभ असते, पॅड संपत आला की ती डिस्कला घासून चीं चीं आवाज करते. आवाज चीं चीं वरून खर्र खर्र वर गेला असेल तर लोखंड लोखंडावर घासतंय, मग डिस्क पण गेली समजा. आणि पेडल स्पंजी लागतंय, ऑइल कमी होतंय, चाकाच्या आतून ओलं दिसतंय, हे प्रकार पॅड बदलून जात नाहीत, ते आधी शोधा.

आणि हो, मागे लोड कमी असतो म्हणून मागचे पॅड आयुष्यभर टिकतात हे ऐकीव ज्ञान सोडा. ब्रेक मारल्यावर वजन पुढे जातं हे खरं, पण हल्लीच्या गाड्यांमधे इलेक्ट्रॉनिक्स हलक्या ब्रेकिंगला मागच्या चाकांकडून बरंच काम करून घेतं आणि मागचे पॅड मुळातच लहान, त्यामुळे काही गाड्यांत मागचे आधी संपतात.

सामान: जॅक, दोन जॅक स्टँड, चाकाला लावायला लाकडाचे ठोकळे, सॉकेट सेट, पाने, टॉर्क रेंच, वायर ब्रश, ब्रेक क्लीनरचा कॅन, सिलिकॉन किंवा सिरॅमिक ब्रेक ग्रीस, कॅलिपर टांगायला तार, हातमोजे, मास्क. पिस्टन फिरवायचा असेल तर त्याचं टूल, हे विकत किंवा मागून आणाच. नोज प्लायरने फिरवणारे लोक आहेत, पण दाबत दाबत फिरवायचं असल्यामुळे प्लायर सटकतो आणि पिस्टनभोवतीचं रबरी बूट फाटतं, आणि बूट फाटलं की आत पाणी, मग गंज. पॅड नेहमी दोन्ही चाकांचे एकदम बदलायचे, एकाच बाजूचे बदलले तर गाडी ब्रेकला ओढते. सेटसोबत क्लिपा आल्या असतील तर त्या पण नव्या लावा.

गाडी सपाट जागेवर. पुढच्या चाकांना ठोकळे दोन्ही बाजूंनी, गाडी पहिल्या गिअरमधे किंवा ऑटोमॅटिक असेल तर पी मधे, आणि हॅन्डब्रेक खाली. हो, खाली, कारण हॅन्डब्रेक ओढलेला असेल तर पॅड डिस्कला पकडून बसणार आणि पिस्टन मागे जाणार नाही, म्हणूनच ठोकळ्यांवर सगळी भिस्त आहे. चाकाचे नट गाडी जमिनीवर असतानाच अर्धा फेरा ढिले करा, मग जॅक, मग जॅक स्टँड. नुसत्या जॅकवर असलेल्या गाडीत हातसुद्धा घालू नका. एका वेळी एकच बाजू उघडायची, कुठली क्लिप कशी होती हे विसरलात की दुसऱ्या बाजूला जाऊन बघता येतं.

चाक निघालं. बॉनेट उघडून ब्रेक ऑइलच्या डबीचं झाकण ढिलं करा आणि लेव्हल बघा, पिस्टन आत गेला की तेवढं ऑइल वर येणार, डबी काठोकाठ असेल तर सिरिंजने थोडं काढून ठेवा. हे ऑइल रंगावर पडलं तर रंग खातं, पडलंच तर लगेच पाण्याने धुवा.

कॅलिपर दोन स्लाइड पिनवर सरकतो, त्या पिनांचे बोल्ट सहसा १२ ते १४ मिमीचे असतात. बोल्ट फिरवताना पिन पण सोबत फिरते, ती दुसऱ्या पातळ पान्याने धरायची. काही गाड्यांत खालचा एकच बोल्ट काढून कॅलिपर वर उचलता येतो, पण मागे केबल आडवी येते म्हणून मी दोन्ही काढायच्या मताचा आहे. कॅलिपर निघाला की तारेने सस्पेन्शनच्या स्प्रिंगला बांधून टांगा, होजवर लोंबकळत ठेवायचा नाही, आतून होज खराब झाला तर बाहेरून कळत पण नाही. पेडलला आता कोणी पाय लावायचा नाही, पिस्टन बाहेर येईल.

जुने पॅड काढले की लगेच फेकू नका, शेजारी शेजारी ठेवून बघा, ते बरंच काही सांगतात. आतला आणि बाहेरचा पॅड साधारण सारखा झिजलेला असेल तर सगळं ठीक. आतला खूप झिजलाय आणि बाहेरचा जाडजूड आहे, तर स्लाइड पिन जाम झाल्यात, कॅलिपर सरकतच नव्हता, पिस्टन एकटा आतला पॅड दाबत होता. बाहेरचा जास्त झिजला तरी संशय पिनांवरच. एकच पॅड तिरका झिजला असेल, एका टोकाला जाड एका टोकाला पातळ, तर एक पिन अडकलीय किंवा पॅडचे कान (प्लेटची दोन्ही टोकं) ब्रॅकेटमधे, म्हणजे पॅड ज्या चौकटीत बसतात तिच्यात, फसलेत. आणि एका चाकाचे दोन्ही पॅड संपलेत, दुसऱ्या चाकाचे अजून अर्धे आहेत, तर त्या बाजूचा पिस्टन किंवा हॅन्डब्रेकची केबल परत सुटत नाहीये. हे न बघता नवे पॅड टाकले तर ते पण तसेच जाणार, आणि मग लोक पॅडच्या कंपनीला शिव्या घालतात.

डिस्कवर किमान जाडीचा आकडा सहसा कोरलेला असतो, मोजून त्याच्या खाली गेली असेल तर बदला. काठाला थोडी कड आलेली चालते, पण खोल चरे, तडे किंवा निळे डाग असतील तर विचार करा.

आता पिस्टन. केबलवाल्या प्रकारात टूलचे खुंट पिस्टनच्या खाचांत बसवायचे, दाब ठेवायचा आणि हळू हळू फिरवायचं, बहुतेक वेळा क्लॉकवाइज. पण काही गाड्यांत एका बाजूचा आटा उलटा असतो, म्हणून दोन तीन फेरे झाले की थांबून बघा, पिस्टन आत चाललाय का बाहेर येतोय. रबरी बूट पिस्टनसोबत पिळलं जातंय का तिकडे पण लक्ष, पिळलं तर थोडं उलट फिरवून बोटाने सरळ करायचं. पूर्ण आत गेला की खाचांची दिशा बघा. बऱ्याच गाड्यांच्या आतल्या पॅडच्या पाठीवर एक छोटा खुंट असतो, तो पिस्टनच्या खाचेत बसायला हवा, नाही बसला तर पॅड तिरका राहतो, कॅलिपर ओढून ताणून बसतो आणि पॅड एका बाजूने झिजत राहतो. यासाठी पिस्टन पाव फेरा मागे पुढे करावा लागतो, करा, कंटाळा करू नका.

खरं काम मात्र सफाईचं आहे. पॅड बदलणं पाच मिनिटांचं, पण ब्रॅकेटमधे जिथे पॅडचे कान सरकतात तिथल्या जुन्या क्लिपा काढून खालचा गंज वायर ब्रशने घासून काढला नाही तर नव्या क्लिपा उचललेल्या राहतात आणि पॅड घट्ट बसतात. पॅड हाताने सरकला पाहिजे, हातोडीने ठोकून बसवावा लागत असेल तर अजून घासा. धूळ हवेच्या प्रेशरने उडवायची नाही, जुन्या पॅडमधे अ‍ॅस्बेस्टॉस पण असू शकतं, ब्रेक क्लीनर मारून फडक्याने पुसा आणि मास्क लावा.

स्लाइड पिन दोन्ही बाहेर ओढा, पुसा, आतलं भोक पण साफ करा. वरची खालची पिन वेगळी असते कधी कधी, एकीला टोकाला रबर असतं, अदलाबदल करू नका. ग्रीस फक्त सिलिकॉनचं किंवा ब्रेकसाठी बनवलेलंच, बेअरिंगला लावतात ते साधं ग्रीस लावलं तर रबर फुगतं आणि पिन परत जाम. पातळ थर पुरे, भोकात ग्रीस कोंबलं तर हवा अडकून पिन स्वतःच बाहेर यायला बघते. पॅडच्या कानांना आणि पाठीला किंचित ग्रीस, पॅडच्या पुढच्या तोंडाला आणि डिस्कला ग्रीसचं बोटसुद्धा लागू देऊ नका, लागलंच तर ब्रेक क्लीनरने लगेच धुवा.

जोडणी उलट क्रमाने. जीभवाला पॅड जुना जिथे होता तिथेच, सहसा आतल्या बाजूला. पिनांचे बोल्ट बऱ्याच गाड्यांत साधारण २५ ते ३५ न्यूटन मीटर असतात, म्हणजे फार नाही, आणि लोक नेमके हेच पिळून आटे घालवतात. ब्रॅकेट काढला असेल तर त्याचे बोल्ट याच्या कितीतरी जास्त टॉर्कचे असतात. पक्का आकडा तुमच्या गाडीच्या मॅन्युअलमधलाच घ्या, आणि बोल्ट एकदाच वापरायचे म्हणून लिहिलं असेल तर नवेच लावा.

दोन्ही बाजू झाल्या, चाकं लावली, नट आडवेतिडवे क्रमाने घट्ट केले, गाडी खाली आली की टॉर्क रेंचने शेवटचं. आता इंजिन चालू करायच्या आधी ब्रेक पेडल हळू हळू दाबत राहा. पहिले काही दाब पेडल थेट तळाला जाईल, कारण पिस्टन अजून पॅडपासून लांब आहे. कडक लागेपर्यंत दाबायचं. हे विसरून गाडी काढली तर पहिल्या ब्रेकला गाडी थांबणार नाही, एवढं साधं आहे. पेडल कडक झालं की ऑइलची लेव्हल बघा, गरज असेल तर झाकणावर लिहिलेल्या ग्रेडचंच टाका, डॉट ३ आणि डॉट ४ एकाच जातीचे आहेत पण डॉट ५ सिलिकॉनचं असतं, ते यात मिसळायचं नाही.

मग हॅन्डब्रेक, पेडल कडक झाल्यावरच, पाच सहा वेळा ओढून सोडा, आतलं अ‍ॅडजस्टर आपोआप जागेवर येतं. सोडल्यावर कॅलिपरवरची लिव्हर पूर्ण मागे जाते का ते वाकून बघा, मधेच अडकली तर केबल ताणलेली आहे किंवा गंजली आहे. इलेक्ट्रिकवाल्यांनी सर्व्हिस मोडमधून बाहेर येऊन कॅलिब्रेशन करायचं.

मोकळ्या रस्त्यावर आधी अगदी हळू चालवून दोन चार ब्रेक मारून बघा, मग ५० ते ६० च्या स्पीडवरून मध्यम ब्रेक मारत १५ पर्यंत आणा, पूर्ण थांबू नका, थोडं चालवून गार होऊ द्या, असं आठ दहा वेळा. यात पॅडचा पातळ थर डिस्कवर सारखा बसतो. गरम असताना पेडल दाबून उभं राहिलात तर एकाच जागी थर चिकटतो आणि मग ब्रेक मारताना पेडल थरथरतं. थोडा वास येईल, तो चालतो, धूर मात्र नाही. घरी आल्यावर चारही चाकांच्या जवळ हात नेऊन बघा, डिस्कला लावू नका भाजेल, मागचं एक चाक दुसऱ्यापेक्षा फारच गरम वाटलं तर त्या बाजूचा ब्रेक धरून बसलाय, परत उघडा आणि पिना आणि केबल तपासा. पहिले दोनेकशे किलोमीटर एकदम जोरात ब्रेक टाळा, आणि ५० ते १०० किलोमीटरनंतर चाकाच्या नटांवर टॉर्क रेंच परत एकदा फिरवा.