कॅसेटमधला आवाज संगणकात घेताना

बाजारात मिळणाऱ्या गाण्यांच्या कॅसेट बाजूला ठेवा. ती गाणी आता फोनवर सापडतात. आजोबांचं बोलणं, बहिणीचे बोबडे बोल मात्र त्या एकाच फितीवर आहेत. आधी ते उतरवून घ्या.

कॅसेटच्या वरच्या कडेचे दोन प्लास्टिकचे तुकडे मोडून टाका, म्हणजे चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं तरी काही पुसलं जाणार नाही. मग फीत एकदा पूर्ण पुढे आणि पूर्ण मागे फिरवा. वर्षानुवर्षं घट्ट बसलेली वेटोळी सैल होतात. टेपरेकॉर्डरचं हेड, म्हणजे फितीवरचा आवाज वाचणारा धातूचा भाग, आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये भिजवलेल्या कापसाच्या काडीनं पुसा. तपकिरी भुकटी निघेल, ती निघायची थांबेपर्यंत पुसत राहा.

आता खरं काम. आवाज दबका, उशीखालून आल्यासारखा वाटत असेल तर लगेच फितीला दोष देऊ नका. बहुतेकदा हेडचा कोन, म्हणजे अझिमथ, जुळत नसतो. हेडशेजारी स्प्रिंगवर बसलेला एक बारीक स्क्रू असतो. कॅसेट चालू ठेवून तो अगदी किंचित फिरवा आणि ‘स’, ‘श’ ऐका. एका जागी ही अक्षरं लख्ख होतात, तिथेच थांबा. प्रत्येक कॅसेट वेगळ्या यंत्रावर भरलेली असू शकते, म्हणून हे दर कॅसेटला करा. इथे गेलेला आवाज नंतर कुठलंही सॉफ्टवेअर नीट परत आणत नाही.

टेपरेकॉर्डरच्या लाइन-आउटमधून वायर संगणकाच्या लाइन-इनला जोडा. माइकच्या भोकात नको, तिथे आवाज फाटतो. लाइन-इन नसेल तर यूएसबी ऑडिओ इंटरफेस, म्हणजे यूएसबीतून संगणकात आवाज घेणारी छोटी पेटी, घ्या. आवाज भरून घ्यायला ऑडॅसिटी हे सॉफ्टवेअर फुकट आहे आणि पुरेसं आहे. सर्वांत मोठा आवाज त्याच्या मीटरवर उणे 6 डेसिबलच्या आसपास राहू द्या.

फाइल वेव्ह किंवा फ्लॅकमध्ये ठेवा, या प्रकारांत आवाजातलं काही गळत नाही. सीडीच्या दर्जाची, म्हणजे 44.1 किलोहर्ट्झ, 16 बिटची स्टीरिओ वेव्ह मिनिटाला साधारण 10 एमबी घेते. 60 मिनिटांची कॅसेट 600 एमबीच्या आसपास जाते. आज एवढी जागा काहीच नाही. एमपी3 फाइल लहान होते, पण आवाजातलं थोडं गळतं, म्हणून ती फक्त नातेवाइकांना पाठवायला.

आणि मूळ फाइलमधली खरखर काढू नका, मी हे हात जोडून सांगतो. खरखर काढणारी गाळणी बोलणाऱ्याचा श्वास आणि मागे वाजणारी भांडीही पुसते. साफसफाई करायचीच तर वेगळ्या प्रतीवर करा.

फाइलच्या नावात कोण बोलतंय आणि अंदाजे साल लिहा. आवाज ओळखणारी वडीलधारी माणसं आहेत, तोवर त्यांना शेजारी बसवून ते विचारून घ्या.