मालवणच्या समुद्रात उतरण्याआधी

मालवणला जायचं ठरलं की बहुतेक जण आधी खोली बघतात. मी सांगेन, आधी भिंतीवरचं कॅलेंडर काढा आणि तिथी बघा. कोकणात भरतीचा एक जुना ठोकताळा आहे: तिथीची पाऊणपट करायची, येईल तो पूर्ण भरतीचा सुमार. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या आसपास भरती आणि बाराच्या सुमारास सुकती, म्हणजे ओहोटी. पौर्णिमा-अमावास्येला उधाण असतं, पाण्याला ओढ असते, तळाची रेती ढवळून निघते. अष्टमीच्या अलीकडे-पलीकडे भांग असतो, म्हणजे भरती-ओहोटीचा जोर कमी, तेव्हा पाणी त्यामानाने निवांत आणि नितळ. प्रवाळ बघायचं असेल तर भांगाचे दिवस धरा, महिना नोव्हेंबर ते फेब्रुवारीतला. नेमकी वेळ मात्र होडीवाल्यालाच विचारा, त्याचा त्या पाण्याशी रोजचा संबंध. पावसाळ्यात होड्या बंद असतात, तेव्हा हा बेत आखूच नका.

जिथे उतरणार आहात ते सागरी अभयारण्य आहे, हे घरातल्या लहान मुलांनाही आधीच सांगून ठेवा. 1987 मध्ये ते जाहीर झालं. क्षेत्र सुमारे 29 चौरस किलोमीटर, त्यातला तीनेक चौरस किलोमीटरचा गाभा सिंधुदुर्ग किल्ला आणि त्याच्याजवळचा छोटा किल्ला पद्मगड यांच्या भोवतीचा. तिथलं प्रवाळ वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत येतं, म्हणजे ज्या यादीत वाघ आहे त्याच यादीत. किनाऱ्यावर पडलेला तुकडासुद्धा पिशवीत टाकायचा नाही.

आता खरी तयारी, जी कुणी करत नाही. निघायच्या पंधरा दिवस आधी जवळच्या तरणतलावावर जा, मास्क आणि स्नॉर्केल (तोंड पाण्यात असताना श्वास घ्यायची नळी) लावा आणि पोट खाली करून दहा मिनिटं तरंगायचा सराव करा, पाय न टेकता. पोहता येत नसेल तरी जॅकेट घालून करा. मास्कमध्ये पाणी शिरलं की माणूस घाबरतो आणि उभं राहायला बघतो. समुद्रात तेव्हा पायाखाली नेमकं प्रवाळ असतं. एकदा माझ्या शेजारच्याच पाहुण्याने असा पाय दिला आणि तळहाताएवढा तुकडा मोडून खाली गेला. घुमटासारखं वाढणारं प्रवाळ वर्षाला जेमतेम सेंटीमीटरभर वाढतं. त्या एका पावलाखाली किती वर्षं गेली, याचा हिशेब मी अजून विसरलेलो नाही. त्या माणसाची काही चूक नव्हती, त्याला कुणी आधी सांगितलंच नव्हतं.

हातभर अंतर ठेवून स्थिर राहता आलं तर जे दिसतं ते वेगळंच असतं. लांबून दगड वाटणाऱ्या त्या घुमटावर बारीक बारीक तोंडं असतात, प्रत्येक तोंड म्हणजे एक जीव. त्यांच्या अंगात सूक्ष्म शैवाल राहतं, तेच त्यांना अन्न देतं आणि रंगही. पाणी फार तापलं की शैवाल निघून जातं आणि प्रवाळ पांढरं पडतं. म्हणून आपल्याकडून आणखी त्रास नको. सनस्क्रीन थापण्याऐवजी पूर्ण बाह्यांचा, अंगाला बसणारा पोहायचा शर्ट घ्या. चेहऱ्यापुरतं लावायचंच असेल तर झिंक ऑक्साईडचं. ऑक्सिबेन्झोन असलेल्या सनस्क्रीनच्या विक्रीवर हवाईमध्ये 2021 पासून बंदी आहे, ती प्रवाळासाठीच.

स्कूबा करणार असाल तर सर्दी, कानाचं दुखणं, दमा, रक्तदाब यांबद्दल आधी डॉक्टरांशी बोला आणि प्रशिक्षकापासून काही लपवू नका. नाक चोंदलेलं असताना खाली गेलात तर कानावरचा दाब सुटत नाही, म्हणून सर्दी असेल त्या दिवशी सरळ रद्द करा, पैसे गेले तरी. सकाळी हलकं खा. चष्मा असेल तर लेन्सची सोय बघा. मिशी दाट असेल तर मास्क गळतो, एवढं लक्षात असू द्या.

होडी ठरवताना दोन गोष्टी स्पष्ट विचारा: नांगर कुठे टाकणार, आणि फोटोसाठी माशांना ब्रेड घालणार का. नांगर रेतीतच पडायला हवा. ब्रेडला नाही म्हणा. फोटोत मासे थोडे कमी येतील, पण येतील ते आपल्या मर्जीने आलेले असतील.

सुकतीला पद्मगडाकडे चालत जायचं असेल तर स्थानिक माणूस सोबत घ्या आणि पाणी चढायच्या आत परत फिरा. खडकावरून नाही, रेतीवरून चाला आणि पाय घासत टाका, म्हणजे रेतीत दडलेलं पाकट (शेपटीला काटा असणारा चपटा मासा) आधीच बाजूला होतं. वाटेत मच्छीमारांचं रापण (किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं) ओढणं चाललं असेल तर दोराच्या मधे उभं राहू नका. हे पाणी आधी त्यांचं.

परतीचं विमान चिपीहून असेल तर शेवटची डुबकी आणि विमान यांत 18 तास सोडा. रेल्वेने कुडाळहून जाणार असाल तर ती चिंता नाही. आणि खोली सोडण्याआधी मुलांचे खिसे बघा. रिकामा वाटलेला शंख टेबलावर ठेवून पाच मिनिटं थांबा. चालायला लागला तर आत खेकडा आहे. त्याला उचलला होता तिथेच नेऊन ठेवा.