सोलापुरात राहून सेशन ड्रमर व्हायचंय? आधी क्लेम कॅटिनी ऐका

क्लेम कॅटिनी हे नाव आपल्याकडे ड्रम वाजवणाऱ्या बहुतेकांना माहीत नसतं. १९३७ साली लंडनमध्ये जन्मलेला माणूस, घराणं मूळचं इटालियन, आणि ब्रिटनच्या चार्टवर एक नंबरला गेलेल्या ४० पेक्षा जास्त गाण्यांवर ड्रम याचे. रॉक तर वाजवलंच पण विनोदी गाणीसुद्धा तेवढ्याच मन लावून वाजवली. सेशन ड्रमर म्हणजे हेच की, फोन आला की स्टुडिओ गाठायचा, समोर येईल ते गाणं वाजवायचं, फी घ्यायची आणि पुढच्या स्टुडिओला निघायचं. सोलापुरात ऑर्केस्ट्रात ड्रम नाहीतर ऑक्टोपॅड वाजवणारी लई पोरं-पोरी आहेत, लग्नसराईत आणि गणपतीत हातातून स्टिक्स सुटत नाहीत, पण रेकॉर्डिंगच्या कामाला कुठून सुरुवात करायची ते कोणी सांगत नाही, म्हणून हे लिहितोय.

पहिलं काम ऐकायचं. बीटल्सचं 'लव्ह मी डू' घ्या, त्याची दोन रेकॉर्डिंग सहज मिळतात. १९६२ च्या सप्टेंबरात ४ तारखेला रिंगोने वाजवलं, प्रोड्यूसर लोकांचं समाधान झालं नाही, म्हणून ११ तारखेला अँडी व्हाइट नावाच्या ग्लासगोच्या सेशन ड्रमरला बोलावलं आणि रिंगोच्या हातात टॅम्बोरीन दिली. ओळखायची खूण हीच, टॅम्बोरीन ऐकू आली की ड्रमवर अँडी व्हाइट. आता हेडफोन लावून दोन्ही लागोपाठ ऐका आणि गाणं सोडून फक्त किक (पायाने वाजवायचा मोठा ड्रम) आणि बास गिटार एकत्र पडतात का तेवढंच बघा. १९६४ मध्ये किंक्सच्या 'यू रिअली गॉट मी' ला पण सेम झालं, ड्रम बॉबी ग्रॅहमने वाजवले आणि बँडचा ड्रमर मिक एव्हरी टॅम्बोरीनवर. रिंगो काय कमी ड्रमर होता का, अजिबात नाही. पण त्या काळी लंडनमध्ये एक सेशन ३ तासांचं असायचं आणि तेवढ्यात तीन-चार गाणी संपवायची असायची, तर पहिल्या-दुसऱ्या टेकला, म्हणजे रेकॉर्डिंगच्या पहिल्या-दुसऱ्या प्रयत्नालाच, बरोबर वाजवेल याची खात्री ज्याची, त्याला फोन.

ही खात्री क्लिकवर, म्हणजे मेट्रोनोमच्या टिकटिकीवर, तयार होते. आपली अडचण अशी की आपण मिरवणुकीत वाढलेलो, हलगी असो, लेझीम असो की ढोल, लय चढत जाते आणि तिथे ती चढलीच पाहिजे, नाहीतर नाचणारे थांबतील. स्टुडिओत मात्र पहिल्या बारला (बार म्हणजे ठेक्याचं एक आवर्तन) जो टेम्पो तोच शेवटच्या बारला हवा. मोबाइलवर मेट्रोनोम लावा, ६० वर, साधा आठाचा ठेका, दहा मिनिटं एकही फिल, म्हणजे ठेका सोडून मध्येच घेतलेला भराव, न घेता. मग असं अ‍ॅप घ्या ज्यात तीन बार क्लिक वाजतो आणि चौथा बार गप्प असतो, क्लिक परत येतो तेव्हा तुम्ही त्याच्यावर आहात का पुढे पळालात ते लगेच कळतं. आपण बहुतेक पुढेच असतो, आणि फिल घेताना तर हमखास. रोज स्वतःला रेकॉर्ड करून ऐका, ऐकायला नको वाटतं पण याला पर्याय नाही.

चार्ट, म्हणजे गाण्याचा आराखडा, लिहायची सवय लावा. नोटेशन शिकलात तर उत्तमच, लंडनच्या ट्रिनिटी कॉलेजच्या रॉक अँड पॉपच्या परीक्षा भारतात होतात, पण तोपर्यंत निदान इंट्रो किती बार, मुखडा किती, म्युझिक पीस किती, स्टॉप कुठे, एवढं एका कागदावर पाहिजे. स्टुडिओत "परत एकदा ऐकवा ना" जितकं कमी म्हणाल तितकं बरं.

आता घरच्या रेकॉर्डिंगचं. १९६२ चं 'टेलस्टार' ऐका, ड्रम कॅटिनीचे, आणि अमेरिकेत एक नंबरला गेलेलं ते ब्रिटिश बँडचं पहिलं गाणं. प्रोड्यूसर जो मीकचा स्टुडिओ कुठे होता तर लंडनच्या होलोवे रोडवर, चामड्याच्या वस्तूंच्या दुकानावरच्या फ्लॅटमध्ये. म्हणजे घराच्या खोलीत होतं. चार माइक पुरतात, एक किकला, एक स्नेअरला (मधला कडक आवाजाचा ड्रम), दोन वर. वरच्या दोघांसाठी ग्लिन जॉन्स या इंग्लिश इंजिनिअरची पद्धत वापरा. एक माइक स्नेअरच्या वर साधारण १ मीटर, दुसरा फ्लोअर टॉमच्या (जमिनीवर उभा असतो तो मोठा टॉम ड्रम) बाजूने स्नेअरकडे बघणारा, आणि दोन्हींचं स्नेअरच्या मध्यापासूनचं अंतर सेम. दोरा धरून मोजा, अंदाजाने नको, कारण अंतर चुकलं की आवाज पुढे-मागे पोचतो आणि स्नेअर पातळ लागते. भिंतींना आपल्या जाड सोलापुरी चादरी दुहेरी लावा, झांजांचा कर्कशपणा बराच कमी होतो (किकची घुमी मात्र तशीच राहते, तिला चादर पुरत नाही). पंखा बंदच ठेवावा लागतो, वरच्या माइकमध्ये त्याची घरघर येते, त्यामुळे एप्रिल-मेमध्ये पहाटे उठून वाजवा, दुपारी ४० च्या वर पारा गेल्यावर टेक होत नाही. पूर्व भागात राहत असाल तर माग बंद असतात ती वेळ गाठा.

फाइल पाठवताना प्रत्येक माइकची वेगळी वेव्ह फाइल, २४ बिट, ४८ किलोहर्ट्‌झ, सगळ्या गाण्याच्या शून्य सेकंदापासून सुरू होणाऱ्या, नावात टेम्पो. इफेक्ट लावू नका. दोन टेक द्या, एक एकदम साधा आणि एक थोडा भरलेला. माझा अनुभव असा की साधाच निवडला जातो.

काम कोणतंही घ्या, भीमगीत, भक्तिगीत, लावणी, रॉक. आपल्या गावात तेलुगू आणि कन्नड कानावर असतंच, त्या गाण्यांचीही कामं मिळतात आणि शब्द कुठे तुटतो ते कळत असेल तर फिल बरोबर जागी पडतो. पुण्याचं बोलावणं आलं तर सकाळी हुतात्मा एक्सप्रेस आहे, मुंबईला रात्रीची सिद्धेश्वर. किट तिथे असतो, स्वतःची स्नेअर, झांजा, पेडल आणि जुनं फडकं तेवढं न्या, आणि अर्धा तास आधी पोचा.

पैशाचं आधी बोला, लाजू नका. अँडी व्हाइटला त्या रेकॉर्डिंगची ठराविक फी मिळाली, रॉयल्टी नाही, आणि गाणं आजही जगभर विकलं जातंय. तेव्हा एका गाण्याचे किती, बदल किती वेळा करून देणार, यूट्यूबवर नाव येणार की नाही, हे व्हॉट्सअ‍ॅपवर लिहून घ्या, निम्मे पैसे आधी, आणि उरलेले आले की वेगवेगळ्या फाइल पाठवा, तोपर्यंत ऐकायला फक्त एक एमपीथ्री.