फाइल २४ बिट/९६ किलोहर्ट्झ, डॅकवर मात्र ४८ – अखेर सुटलं

संगणकावरची रॉक अल्बमची फ्लॅक (दर्जा न घटवता साठवलेली) फाइल ९६ची, म्हणजे सॅम्पल रेट ९६ किलोहर्ट्झ. पण डॅकच्या (डिजिटल आवाज अ‍ॅनालॉग करणारं यंत्र) पडद्यावर कायम ४८. केबल बदलली, ड्रायव्हर पुन्हा टाकला, व्यर्थ. दोन संध्याकाळी वाया! विंडोजमध्ये ९६ ठेवलं, तर ४४.१चे अल्बमही ९६ दिसू लागले. विंडोजचा मिक्सर सगळ्या अ‍ॅप्सचा आवाज एकत्र करून एकाच दरात ढकलतो, हे मूळ.

आधी ब्राउझर बंद करा. साउंड कंट्रोल पॅनल, प्लेबॅक, डॅक, प्रॉपर्टीज, अ‍ॅडव्हान्स्ड. ‘एक्सक्लुझिव्ह मोड’च्या (मिक्सर टाळून एकाच अ‍ॅपला डॅकचा ताबा) दोन्ही चौकटींत टिक. मग फूबार२००० या म्युझिक प्लेअरमध्ये प्रेफरन्सेस, प्लेबॅक, आउटपुट. डॅकची ‘एक्सक्लुझिव्ह’ लिहिलेलीच नोंद निवडा. डीएसपी (आवाजावरच्या प्रक्रिया) यादीतला दर बदलणारा रिसॅम्पलर काढा, गाण्यांचा आवाज सारखा करणारं रीप्लेगेन बंद, प्लेअरचा आवाज पूर्ण, कमी-जास्त अ‍ॅम्पवर.

आता ९६ला ९६, सीडीवरून उतरवलेल्या फाइलला (रिप) ४४.१. ‘डिव्हाइस इन यूज’ आलं, तर दुसरं अ‍ॅप डॅक अडवून बसलंय. बहुधा ब्राउझरच.