पीएचडी: गाइड निवडण्यापासून नोकरीच्या पत्रापर्यंत

पीएचडी रखडण्याची कारणे बहुतेक वेळा अगदी साधी असतात. गाइडशी काय ठरले होते ते दोघांनाही नीट आठवत नाही. दोन वर्षांपूर्वी वाचलेला पेपर ऐन वेळी सापडत नाही. पेपरवर कुणाचे नाव आधी, यावरून पाठवण्याच्या आठवड्यात वाद होतो. या सगळ्यावर पहिल्या आठवड्यापासून लावायची सवय एकच: जे ठरेल, जे वाचाल, जे कराल ते त्याच दिवशी लिहून ठेवा. खालच्या बहुतेक पायऱ्या या सवयीवरच उभ्या आहेत.

पायरी १: गाइड निवडा, विषय नंतर

वर्षभरात विषय थोडाफार बदलतोच. गाइडची काम करण्याची पद्धत मात्र बदलत नाही, म्हणून चौकशी तिची करा. गाइडच्या हाताखाली सध्या काम करणारे दोन विद्यार्थी, पदवी घेऊन बाहेर पडलेला एक आणि जमल्यास मधेच सोडून गेलेला एक, अशा चौघांशी बोला. ‘सर कसे आहेत?’ किंवा ‘मॅडम कशा आहेत?’ असे विचारले तर ‘चांगले आहेत’ एवढेच उत्तर मिळेल. त्यापेक्षा नेमके विचारा: ड्राफ्ट दिल्यावर किती दिवसांत परत येतो? मागच्या पाच जणांना किती वर्षे लागली? विद्यार्थ्याच्या प्रबंधातून निघालेल्या पेपरवर पहिले नाव कुणाचे असते? परिषदेला जायचा खर्च कोण करते? फेलोशिप संपली आणि काम उरले, तर पुढे काय होते?

चौघांपैकी दोघांनी एकाच प्रश्नावर बोलायचे टाळले, तर ती खूण गंभीरपणे घ्या. प्रवेशानंतर गाइड बदलता येतो, पण जितका उशीर तितके नुकसान जास्त. सहा महिने काम पुढे सरकले नसेल आणि बोलूनही फरक पडत नसेल, तर तुमच्या कामावर देखरेख ठेवणाऱ्या संशोधन समितीतल्या एखाद्या ज्येष्ठ सदस्याला भेटा.

पायरी २: बैठकीआधी एक पान, बैठकीनंतर एक मेल

आठवड्यातून किंवा पंधरवड्यातून एक वेळ ठरवून घ्या. बैठकीच्या आदल्या दिवशी एक पान पाठवा: मागच्या वेळेपासून काय झाले, कुठे अडले आणि आज कोणता निर्णय हवा. शेवटचा भाग सर्वांत महत्त्वाचा, कारण प्रश्नाशिवाय गेलेल्या विद्यार्थ्याची बैठक गप्पांत संपते.

बैठक झाली की त्याच दिवशी मेल करा. तो एवढाच पुरे:

‘आज ठरले ते असे. १) मुलाखती ४० वरून ६० करायच्या. २) तिसऱ्या प्रकरणाचा ड्राफ्ट मी २० तारखेला देईन, आपण महिनाअखेर सूचना द्याल. ३) जुन्या आकडेवारीची तुलना प्रबंधात नको, वेगळ्या पेपरमध्ये घ्यायची. माझ्याकडून काही सुटले असल्यास कळवावे.’

‘ही तुलना का घातली नाहीस?’ असे वर्षभराने विचारले गेले, तर तिसऱ्या ओळीमुळे प्रश्न दोन मिनिटांत मिटतो. गाइडलाही हे हवेच असते. दहा विद्यार्थ्यांचे निर्णय एकट्याने लक्षात ठेवणे अवघड असते.

पायरी ३: वाचलेले पुन्हा सापडेल असे वाचा

झोटेरोसारखे संदर्भ सांभाळणारे मोफत सॉफ्टवेअर पहिल्याच दिवशी घ्या. शंभर पेपर जमल्यावर घेऊ म्हणाल तर ते शंभर एकदम भरत आणि तपासत बसावे लागेल. सोबत एक तक्ता ठेवा. त्यात प्रत्येक पेपरची एक ओळ आणि सहा रकाने: प्रश्न कोणता, माहिती कुठून घेतली, पद्धत कोणती, निष्कर्ष काय, कच्चा दुवा कोणता, माझ्या कामाला उपयोग काय. शेवटचे दोन रकाने रिकामे राहिले तर तो पेपर अजून नीट वाचलेला नाही, असे समजा.

इथे एक चूक फार महागात पडते. आवडलेले वाक्य नोंदवहीत जसेच्या तसे उतरवले जाते आणि अवतरणचिन्हे द्यायची राहतात. तीन वर्षांनी प्रबंध लिहिताना ते वाक्य स्वतःचेच वाटते आणि वाङ्मयचौर्याच्या तपासणीत अडकते. हेतू शुद्ध होता हे तेव्हा सिद्ध करता येत नाही. म्हणून उतरवतानाच अवतरणचिन्हे आणि पान क्रमांक घाला. स्वतःचे विचार वेगळ्या रंगात लिहा.

फाइलींच्या तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर आणि त्यातली एक दुसऱ्या जागी, हा नियम पाळा. फाइलच्या नावात ‘फायनल’ लिहू नका, तारीख लिहा.

पायरी ४: पद्धतीचे प्रकरण आधी लिहा

प्रस्तावनेपासून सुरुवात करणारे अनेक जण पहिल्याच पानावर अडतात, कारण कशाची प्रस्तावना लिहायची ते तोवर ठरलेले नसते. प्रयोग किंवा क्षेत्रकाम चालू असतानाच पद्धतीचे प्रकरण लिहायला घ्या. कोणते उपकरण वापरले, कोणते प्रश्न विचारले, कुणाला वगळले आणि का, हे आज सहज लिहिता येते. दीड वर्षाने त्याच तपशिलासाठी जुन्या वह्या चाळाव्या लागतात. मग निकाल, चर्चा, आणि प्रस्तावना सर्वांत शेवटी.

पायरी ५: पेपर पाठवण्याआधी नावे ठरवा

लेखकक्रमाचे रिवाज शाखेनुसार वेगळे आहेत. गणितात नावे बहुधा वर्णानुक्रमे येतात. जीवशास्त्रात सर्वाधिक काम करणारा पहिला आणि प्रयोगशाळाप्रमुख शेवटचा असतो. वैद्यकीय जर्नलांच्या संपादकांची आंतरराष्ट्रीय समिती लेखक म्हणवण्यासाठी चार अटी घालते: संकल्पनेत, माहिती गोळा करण्यात किंवा विश्लेषणात भरीव वाटा, मसुदा लिहिणे किंवा त्यात महत्त्वाच्या सुधारणा करणे, अंतिम प्रतीला संमती, आणि कामाची जबाबदारी घेणे. चारही पूर्ण व्हाव्या लागतात. तुमची शाखा वेगळी असली तरी चर्चा सुरू करायला या अटी चांगल्या. ही चर्चा काम सुरू होतानाच करा आणि ठरलेले मेलमध्ये लिहा.

जर्नल निवडताना स्वतःच्या संदर्भयादीकडे पाहा. तीच ती दोन-तीन नावे पुन्हापुन्हा येत असतील, तर तुमचा वाचक तिथेच आहे. आठवडाभरात छापू असा मेल पाठवणाऱ्या, शुल्क किती ते आधी न सांगणाऱ्या जर्नलपासून लांब राहा. एक पेपर एका वेळी एकाच जर्नलला पाठवायचा असतो. ऑर्किड (ORCID) हा संशोधकांसाठीचा १६ अंकी मोफत ओळखक्रमांक पहिल्या पेपरआधीच काढा, म्हणजे तुमच्यासारखेच नाव असलेल्या संशोधकाच्या कामात तुमचे काम मिसळणार नाही.

पायरी ६: रिव्ह्यूला उत्तर

रिव्ह्यू, म्हणजे जर्नलने नेमलेल्या तज्ज्ञांचा पेपरवरचा अभिप्राय, आला की एकदा वाचा आणि दोन दिवस बाजूला ठेवा. पहिल्या वाचनात प्रत्येक वाक्य लागते; तिसऱ्या दिवशी त्यातल्या निम्म्या सूचना रास्त वाटू लागतात. मग रिव्ह्यूअरचे प्रत्येक वाक्य क्रमांक घालून एका फाइलमध्ये उतरवा आणि त्याखाली उत्तर लिहा. ‘दुरुस्ती केली आहे’ एवढ्याने भागत नाही. असे लिहा: ‘सूचनेनुसार ज्यांनी सर्व प्रश्नांची उत्तरे दिली नाहीत त्यांना वगळून पुन्हा गणित केले. निष्कर्ष तोच राहिला. पान ९, ओळी १४ ते २२ पाहाव्यात.’

रिव्ह्यूअरला मुद्दा कळलाच नाही असे वाटले, तरी मजकूर बदला. विषय जाणणाऱ्या माणसाचा गैरसमज झाला असेल, तर इतरांचाही होईल. एखादी सूचना खरोखर चुकीची असेल तर सभ्यपणे, कारण देऊन नाकारा; पण सगळ्याच नाकारल्यात तर संपादक तुमच्या बाजूने उभा राहणार नाही.

पायरी ७: शिफारसपत्रांची तयारी दोन वर्षे आधी

अर्जाला बहुधा तीन पत्रे लागतात. पहिले गाइडचे. उरलेली दोन कोण देणार, हा प्रश्न शेवटच्या वर्षी पडला तर उशीर झालेला असतो. संशोधन समितीतल्या एका सदस्याला वर्षातून दोनदा स्वतःहून काम दाखवा. परिषदेत ज्यांनी चांगला प्रश्न विचारला त्यांना पेपर झाल्यावर पाठवा. पत्र मागताना किमान चार आठवडे द्या. सोबत सीव्ही, जाहिरात, अंतिम तारीख आणि तुमच्या कामातले दोन ठळक मुद्दे जोडा. ‘पत्र द्याल का?’ यापेक्षा ‘माझ्या कामाबद्दल खात्रीने लिहिता येईल का?’ असे विचारा, म्हणजे नको असेल त्यांना मोकळेपणाने नाही म्हणता येईल. गुळमुळीत पत्राने अर्जाचे नुकसानच होते.

पायरी ८: अर्ज, व्याख्यान, नोकरीचे पत्र

प्रबंध सादर करण्याच्या साधारण वर्षभर आधी अर्जांना लागा. अर्जासोबतच्या संशोधन-निवेदनात (रिसर्च स्टेटमेंट) झालेले काम थोडक्यात सांगा आणि पुढच्या पाच वर्षांचे सविस्तर. तुमच्या प्रबंधाचा पुढचा भाग इतकाच आराखडा दिसला, तर तुम्ही गाइडशिवाय उभे राहू शकाल की नाही अशी शंका येते. विद्यार्थी असतानाच एखादा अभ्यासक्रम किंवा त्यातले काही तास स्वतंत्रपणे शिकवा आणि टिपणे जपून ठेवा.

निवडीच्या व्याख्यानाला विभागातले बहुतेक श्रोते तुमच्या उपशाखेचे नसतात. पहिली दहा मिनिटे त्यांच्यासाठी ठेवा: प्रश्न काय आहे, तो कुणाला का पडावा, आजवर का सुटला नाही. सराव परक्या विभागातल्या दोन मित्रांसमोर करा आणि कुठे लक्ष सुटले ते मिनिट त्यांना लिहून ठेवायला सांगा.

निवड झाली की तोंडी होकार देऊन मोकळे होऊ नका. आठवड्याला किती तास शिकवायचे, पहिल्या वर्षी किती नवे अभ्यासक्रम घ्यायचे, प्रयोगशाळेची जागा आणि निधी केव्हा मिळणार, कायम होण्याचे निकष कोणते, हे विचारा आणि उत्तरे पत्रात किंवा मेलवर मागा. ‘आल्यावर बघू’ असे उत्तर आले तर त्या मुद्द्यावर पुन्हा एकदा विचारा, आणि सही त्यानंतर करा.