इमॅजिकाला जायचं तर नाताळ उतरणीला लागल्यावर

डिसेंबर लागला की आमच्या फॅमिली ग्रुपवर कोणीतरी विचारतंच, "25 ला सुट्टी आहे, पोरांना इमॅजिकाला न्यायचं का?" (इमॅजिका म्हणजे खोपोलीजवळचं राइड्सचं मोठं थीम पार्क.) आणि दरवर्षी माझं तेच उत्तर असतं, 25 ला नको, 31 ला तर नकोच नको, जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात मधला वार धरा. मग कोणीतरी म्हणतं "पण तेव्हा नाताळ संपलेला असतो ना". नसतो हो! वांद्र्याला, ओर्लेमला, वसईला जाऊन बघा, 6 जानेवारीला तीन राजांचा सण होईपर्यंत घरोघरी गोठा आणि चांदणी तशीच असते. पार्कवाले नाताळची सजावट याच तारखेपर्यंत ठेवतील असं नाही, त्यामुळे बुकिंगच्या आदल्या दिवशी त्यांच्या इन्स्टावर लोकांनी टॅग केलेले ताजे फोटो बघायचे, ऑफिशियल पोस्टर नाही, लोकांचे फोटो. मागे ख्रिसमस ट्री उभं दिसलं की समजायचं सजावट अजून आहे.

24 डिसेंबर ते 1 जानेवारी का टाळायचं तर कॉन्व्हेंटवाल्या शाळांना तेव्हा सुट्टी असते, ऑफिसवाले वर्षाच्या उरलेल्या रजा तेव्हाच संपवतात आणि एक्स्प्रेसवेवर लोणावळ्याला निघालेलं अख्खं मुंबई शहर तुमच्या पुढे असतं. त्यात तिकिटाचा भाव तारखेप्रमाणे बदलतो. बुकिंगच्या कॅलेंडरवर आधी 27 डिसेंबरवर क्लिक करा, मग 6 जानेवारीवर, मी वेगळं काही सांगायची गरज नाही. पार्क उघडायची आणि बंद व्हायची वेळसुद्धा तिथेच त्या तारखेपुढे बघून घ्या. आणि 1 जानेवारी गुरुवारी आली असेल तर शुक्रवारी दांडी मारून चार दिवस जोडणारे पुष्कळ असतात, तो वीकेंड डिसेंबरच समजायचा. आमचा आवडता वार मंगळवार. एक्स्प्रेस तिकीट, म्हणजे ज्यावर वेगळ्या छोट्या रांगेतून सोडतात ते, नाताळच्या आठवड्यात घ्यावंसं वाटेल, जानेवारीतल्या मंगळवारी ते पैसे वाचवा आणि जेवणाला ठेवा.

आता जे कोणी सांगत नाही ते. जानेवारीतला मधला वार म्हणजे पार्क रिकामं असा समज असतो तो चूक आहे, कारण तो शाळांच्या सहलींचा सीझन असतो. पार्किंगमध्ये लाल एसट्या आणि पिवळ्या बसेसची रांग दिसली, एकाच रंगाच्या टोप्या घातलेली पन्नास-साठ पोरं दोन-दोनच्या जोडीने उभी आहेत आणि एक बाई तिसऱ्यांदा मोजतायत, असं दिसलं की घाबरू नका, फक्त दिवस उलटा लावा. सहलीची पोरं गेटातून आत शिरली की पहिली जी राइड दिसेल तिथे रांग लावतात, आणि चार-साडेचारला त्यांना बसमध्ये बसवायला सुरुवात होते कारण पालक शाळेच्या गेटवर वाट बघत असतात. म्हणजे काय, सकाळी गेटाजवळचं काहीही करू नका, सरळ मागच्या टोकाला चालत जा आणि मोठ्या राइड्स उरका. गेटाजवळचं आणि लहानांचं सगळं चारनंतर, तेव्हा अर्ध्या रांगा आपोआप विरघळतात.

मोठ्या राइड्समध्ये पहिली नायट्रो, म्हणजे तिथली मोठी रोलरकोस्टर. साधारण 40 मीटर उंच, ताशी 105 किलोमीटर वेग, आणि खुर्चीत बसलात की पायाखालची फरशी खाली सरकते, पाय नुसते हवेत लोंबकळत. चप्पल घालून जाऊच नका, मागे पट्टा असलेली सँडल किंवा शूज. चष्मा काढून आत नीट ठेवा, चष्म्याशिवाय काही दिसत नाही हे तिथे वरदानच आहे. डीप स्पेस ही दुसरी रोलरकोस्टर आतल्या आत, काळोखात, अचानक बाण सुटल्यासारखी सुटते, ती नायट्रोच्या लगेच पाठोपाठ नको, मध्ये थोडं बसा. आणि ज्यांना गाडी लागते त्यांनी स्क्रीम मशीन म्हणजे तो मोठा झोपाळा नाश्त्यानंतर तासभर तरी टाळायचा. माझ्या नवऱ्याने खोपोलीत दोन वडापाव आणि वर मिसळ खाऊन थेट तिथे नंबर लावलेला. पुढचं लिहीत नाही.

उंचीचं बघा. तिकीट आणि राइड दोन्ही ठिकाणी वय नाही, उंची बघतात. आदल्या रात्री दाराच्या चौकटीला पोराला टेकवून पेन्सिलीने खूण करा, टेपने मोजा, आणि साइटवर कुठल्या राइडला किती उंची लागते ते त्याच्यासमोर वाचा. हे मी शहाणपणाने सांगत नाहीये, आमची फजिती झाली म्हणून सांगतेय. माझा भाचा महिनाभर नायट्रो नायट्रो करत होता, रांगेच्या तोंडाशी मोजपट्टीखाली उभा राहिला तर दोन बोटं कमी. त्याने टाचा उचलल्या, तिथल्या मुलाने हसत खांद्यावर हात ठेवून खाली केल्या. मग केस वर करून दाखवले. नाही म्हणजे नाही, आणि ते बरोबरच आहे, ती खुर्चीची पट्टी त्या मापाची असते. पण पोरगं जे बसकण मारून रडलं ते आवरता आवरेना. घरी माहीत असतं तर निदान गाडीत दोन तास रडून मोकळा झाला असता.

यानंतर राजासॉरसची होडी, म्हणजे पाण्यातली राइड. जानेवारीत जाणाऱ्यांनी एवढं एक लक्षात ठेवलं तरी चालेल, ती दुपारी 1 ते 3 मध्येच करायची. तिथे पाणी थेंब-थेंब नाही, घागरभर येतं. दुपारी खोपोलीला ऊन चटका देतं, तासाभरात वाळता. पण साडेपाचला भिजलात तर सव्वासहाला सूर्य गेलेला असतो, डोंगराकडून गार वारा सुटतो आणि जीन्स घातलेली असेल तर ती वाळायचं नावच घेत नाही. आम्ही एका वर्षी शेवटची राइड म्हणून ती ठेवली, सगळ्या लायटिंगच्या फोटोंत आम्ही निळे ओठ करून दात वाजवत उभे. ट्रॅकपँट किंवा पातळ कापडाची पँट घाला, एक जोडी बदलायला आणि जाड प्लॅस्टिकची पिशवी ओल्या कपड्यांना. बाकी राजासॉरस हा खरोखरचा डायनासोर बरं का, गुजरातेत बालासिनोरजवळ रहियोलीला त्याची हाडं सापडली आणि 2003 मध्ये त्याचं नामकरण झालं, रांगेत पोरं कुरकुरायला लागली की सांगायला उपयोगी पडतं. वॉटर पार्कचं कॉम्बो स्वस्त वाटतं पण जानेवारीत घेऊ नका, मे महिन्यात घ्या.

आजी-आजोबा बरोबर असतील तर त्यांना आय फॉर इंडियाला न्या, खुर्चीत बसल्या जागी हेलिकॉप्टरमधून देश बघितल्यासारखं होतं, माझ्या सासूबाई दोनदा जाऊन आल्या. त्यांच्यासाठी कानटोपी आणि शाल दोन्ही घ्या, सकाळी गेटावर आणि संध्याकाळी पार्कमधल्या परेडला, म्हणजे मिरवणुकीला, लागतेच. चालणं भरपूर आहे, गुडघ्यांचा त्रास असेल तर व्हीलचेअरची चौकशी गेटावरच करा.

जायचं कसं. मुलुंड-भांडुपवाल्यांनी ऐरोली पूल, कळंबोली, तिथून एक्स्प्रेसवे, खोपोलीची एक्झिट आणि मग खोपोली-पाली रोड. ऐरोली नाक्यावर कारला ऑक्टोबर 2024 पासून टोल नाही. दादर-परळवाल्यांना शिवडीहून अटल सेतू बरा, जवळपास 22 किलोमीटरचा पूल आहे, टोल चांगलाच लागतो पण वाशीची कटकट वाचते. पार्क घाटाच्या पायथ्याशी आहे त्यामुळे बोरघाट चढायचा नाहीये, पण शनिवारी सकाळी घाटातल्या ट्रॅफिकचं शेपूट खाली येतं, तेही वार मधला धरायचं एक कारण. सातच्या आत घर सोडा. ट्रेनने जायचं तर कर्जत लोकल आणि कर्जतहून खोपोलीची गाडी. त्या फाट्यावर एकच रूळ आहे, गाड्या मोजक्याच, एक चुकली की प्लॅटफॉर्मवर चहा पीत बसा. म्हणून टाइमटेबलचा स्क्रीनशॉट ठेवा, परतीचासुद्धा. स्टेशनबाहेर रिक्षा मिळते, भाडं बसायच्या आधी ठरवा आणि रिक्षावाल्या दादांचा नंबर घेऊन ठेवा, रात्री पार्कच्या बाहेर उभं राहून रिक्षा शोधणं हे पोरं खांद्यावर झोपलेली असताना नको होतं.

आईचा दरवेळी आग्रह, एवढं लांब जाताय तर वाटेत वरदविनायकाला हात जोडून या. जाताना घ्या, येताना जमत नाही, आणि त्या दिवशी चतुर्थी नाही ना तेवढं कालनिर्णयमध्ये बघा नाहीतर सकाळ देवळाच्या रांगेतच जाईल. आणि मॅपवर महड टाका, महाड नाही! एक काना जास्त पडला तर थेट चवदार तळ्याच्या गावाला पोचाल.

खाण्याचं सरळ आहे, बाहेरचं आत नेऊ देत नाहीत, तान्ह्या बाळाचं सोडून. म्हणून खोपोलीत रमाकांतचा वडापाव पोटभर खाऊन आत शिरायचं (वरचा किस्सा लक्षात ठेवून), आत जेवायला साडेबाराच्या आधी नाहीतर अडीचनंतर, कारण एक वाजता सहलीची पोरं जेवतात. थालीपीठं, दह्याची चटणी, तिळाचे लाडू असा डबा गाडीतच ठेवायचा.

तो डबा कशासाठी ते सांगते. परेड संपली की सगळं पार्क एकदम पार्किंगकडे धावतं आणि बाहेर पडायलाच वेळ जातो. आम्ही आता धावत नाही. शेवटचे फोटो ट्रीसमोर काढायचे, तेव्हा तिथे कोणी नसतं, आणि मग गाडीचे दरवाजे उघडे टाकून गार थालीपिठं खात बसायचं, पोरं मागच्या सीटवर आडवी होतात, गर्दी ओसरते, मग निघायचं. घरी पोचल्यावर कितीही झोप आली तरी डिकीतली ओल्या कपड्यांची पिशवी वर न्या, आमची एकदा तीन दिवस तिथेच राहिली होती, गाडीला संक्रांतीपर्यंत वास येत होता.